सिझिजी: एक चांद्र शब्द आणि त्याच्या मानेवरचं जू

बुद्धिबळाचं एक इंजिन, म्हणजे बुद्धिबळ खेळणारा प्रोग्राम, कॉम्प्युटरवर टाकलं होतं आणि त्याच्या सेटिंगमध्ये उगाच इकडेतिकडे बघत होते, तिथे एक ओळ दिसली, 'सिझिजी पाथ'. आधी वाटलं टायपिंगची चूक असेल, नाहीतर कुणा प्रोग्रामरचं मांजर कीबोर्डवरून चालत गेलं असेल. कारण स्पेलिंग काय तर एस, वाय, झेड, वाय, जी, वाय. सहा अक्षरं आणि शाळेत शिकवलेल्या पाच स्वरांपैकी एकाचाही पत्ता नाही. शोधायला गेले तर कळलं की हा मुळात चंद्राशी संबंधित शब्द आहे, मग कळलं की गणितातही आहे, मग प्राणिशास्त्रात, कवितेच्या छंदशास्त्रात, मानसशास्त्रात, दुसऱ्या शतकातल्या एका धर्मपंथात... आणि प्रत्येक ठिकाणी अर्थ वेगळा. म्हटलं हे काय प्रकरण आहे ते एकदा नीट बघूच.

बुद्धिबळाचं आधी उरकून टाकते कारण तिथे सांगण्यासारखं कमी आहे. रोनाल्ड डी मान यांनी २०१३ मध्ये बनवलेल्या एंडगेम टेबलबेसचं ते नाव आहे. म्हणजे दोन्ही राजे धरून पटावर थोडेच मोहरे उरले की तिथून कोण जिंकणार का बरोबरी होणार, याची सगळी उत्तरं आधीच मोजून फायलींमध्ये भरून ठेवलेली असतात. सहा मोहऱ्यांपर्यंतच्या फायली साधारण १५० जीबी होतात, आणि २०१८ मध्ये सात मोहऱ्यांच्या पूर्ण झाल्या तेव्हा तोच आकडा पंधरा टीबीच्या वर गेला. एक मोहरा वाढला तर एवढा फरक! पण चंद्राशी त्याचा काही संबंध नाही, ते नुसतं नाव आहे.

आता शब्दाकडे. उच्चार सि-झि-जी, जोर पहिल्या अक्षरावर. इंग्रजीत याचा रुबाब त्या तीन वायमुळे आहे, स्क्रॅबल खेळणाऱ्या लोकांना हा शब्द पाठ असतो, पण गंमत अशी की इंग्रजी स्क्रॅबलच्या डब्यात वायचे ठोकळे दोनच असतात, त्यामुळे तिसऱ्या वायसाठी कोरा ठोकळा वापरावा लागतो आणि त्याचे गुण शून्य, म्हणून एवढा झेड-बिड असूनही शब्दाचे एकवीसच गुण होतात. देवनागरीत आणला की हा सगळा तोरा उतरतो, उरतात फक्त तीन वेलांट्या. ईकारान्त असल्यामुळे मराठीत तो आपोआप स्त्रीलिंगी होतो, निदान माझ्या तोंडी तरी 'ती सिझिजी' असंच येतं.

मूळ शब्द ग्रीक, 'सुझुगिया'. 'सुन' म्हणजे एकत्र आणि 'झुगोन' म्हणजे जू, बैलांच्या मानेवर ठेवतात ते. दोन बैल एका जुवाला जोडले की ती जोडी म्हणजे सुझुगिया. आणि इथे मला पहिल्यांदा हा शब्द ओळखीचा वाटला, कारण ग्रीक 'झुगोन' आणि संस्कृत 'युग' ही सख्खी भावंडं आहेत, दोन्ही एकाच जुन्या इंडो-युरोपीय धातूपासून आलेली. आपलं 'जू' त्या 'युग'चंच झिजलेलं रूप. योग, संयोग, योजना हे सगळं त्याच 'युज्' धातूचं गोकुळ. अंतर मोजायचं 'योजन' हेसुद्धा, बैल एकदा जुंपले की न सोडता जेवढं जातील तेवढं ते योजन. लॅटिनकडून इंग्रजीत गेलेलं 'जॉइन' आणि 'जंक्शन' याच घराण्यातलं, इंग्रजीतलं 'योक' तर थेट जूच, आणि जीवशास्त्रातला 'झायगोट' म्हणजे दोन पेशी जुळून झालेली पहिली पेशी, तीही ग्रीक बाजूनं याच कुटुंबात.

आता बघा, 'एकत्र' अधिक 'जू' याचं संस्कृत वळणानं भाषांतर करायचं झालं तर काय होईल? सम् अधिक युग. संयुग! शाळेत रसायनशास्त्रात पाणी हे हायड्रोजन आणि ऑक्सिजनचं संयुग आहे असं पाठ केलेलं असतं, तोच शब्द. अर्थ वेगळ्या वाटेला गेला पण बांधणी तंतोतंत तीच आहे. म्हणजे हा शब्द वाटतो तेवढा परका नाही, आपल्याकडे त्याचा जुळा भाऊ प्रयोगशाळेत नोकरीला आहे एवढंच.

हे मूळ चित्र डोक्यात ठेवा, दोन बैल, मानेवर एक जू. पुढे जिथे जिथे हा शब्द भेटेल तिथे स्वतःला दोन प्रश्न विचारायचे, बैल कोण आणि जू कसलं. मला तरी सगळे अर्थ याच रस्त्यानं कळले, नाहीतर डिक्शनरीतले आठ वेगवेगळे अर्थ पाठ करायचे म्हणजे शिक्षाच.

खगोलशास्त्रात बैल म्हणजे आकाशातले गोल आणि जू म्हणजे एक सरळ रेषा. तीन गोल जवळपास एका रेषेत आले की सिझिजी. कोणतेही तीन चालतात, पण नुसतं सिझिजी म्हटलं की बहुतेक वेळा सूर्य, पृथ्वी आणि चंद्र हेच त्रिकूट असतं. आता एका रेषेत यायच्या दोन तऱ्हा आहेत. चंद्र मध्ये, म्हणजे सूर्य आणि चंद्र आपल्या एकाच बाजूला, ती अमावस्या. किंवा पृथ्वी मध्ये, म्हणजे सूर्य एका बाजूला आणि चंद्र बरोबर समोरच्या बाजूला, ती पौर्णिमा. पहिलीला युती म्हणतात, दुसरीला प्रतियुती. आणि सिझिजी म्हणजे या दोन्हीपैकी कुठलीही एक.

शब्दाची खरी सोय इथेच आहे. आपल्या मनात अमावस्या आणि पौर्णिमा ही दोन टोकं, एक काळी एक पांढरी, एकमेकांच्या उलट म्हणून सांगायची उदाहरणं. पण भूमितीच्या नजरेनं बघितलं तर त्या बहिणी आहेत, दोन्हींत रेषा तीच, फक्त चंद्र रेषेच्या या टोकाला की त्या टोकाला एवढाच फरक. त्या दोघींना मिळून एक नाव लागतं, आणि रोजच्या मराठीत असं एकशब्दी नाव चालत नाही, आपण 'अमावस्या-पौर्णिमा' असा जोडशब्दच वापरतो. तसं 'अमावास्या' या शब्दाच्या पोटातही जोडीच आहे बरं का, 'अमा' म्हणजे एकत्र आणि 'वस्' म्हणजे राहणं, सूर्य-चंद्र एका घरात राहतात तो दिवस. ग्रीकांना बैलजोडी दिसली, इथल्यांना एकत्र बिऱ्हाड दिसलं.

एक मोठा गैरसमज इथेच काढून टाकू. सिझिजी म्हणजे ग्रहण नाही. अमावस्या ते अमावस्या सरासरी २९.५३ दिवस लागतात, म्हणजे वर्षात साधारण पंचवीस सिझिजी होतात, आणि ग्रहणं सगळी मिळून, सूर्याची, चंद्राची, अगदी न जाणवणारी छायाकल्प चंद्रग्रहणंसुद्धा धरून, वर्षाला कमीत कमी चार आणि जास्तीत जास्त सात. मग बाकीच्या सिझिजींचं काय होतं? तर चंद्राची कक्षा पृथ्वीच्या कक्षेच्या पातळीशी पाच अंशांहून जराशी जास्त कललेली आहे. पाच अंश ऐकायला किरकोळ वाटतात, पण आकाशात चंद्राची थाळी जेमतेम अर्ध्या अंशाची दिसते, म्हणजे अमावस्येला चंद्र सूर्याच्या वरून किंवा खालून स्वतःच्या दहा थाळ्यांएवढं अंतर ठेवून जाऊ शकतो. वरून बघितलं तर रेषा जुळलेली, बाजूनं बघितलं तर नाही. दोन्ही बाजूंनी जुळायचं तर सिझिजीच्या वेळी चंद्र त्या दोन पातळ्या जिथे छेदतात तिथे किंवा अगदी जवळपास पाहिजे, त्या दोन छेदबिंदूंना पातबिंदू म्हणतात, आणि राहू-केतू ही त्यांचीच नावं. तेव्हा प्रत्येक ग्रहण ही सिझिजी असते पण प्रत्येक सिझिजी ग्रहण नसते. इंग्रजी बातम्यांमध्ये कधीकधी 'दुर्मीळ सिझिजी' असं लिहिलेलं दिसतं ते वाचून मला हसू येतं, शब्द दुर्मीळ आहे हो, घटना दर पंधरवड्याला होते.

चंद्राशिवायही सिझिजी होते. शुक्राचं अधिक्रमण, म्हणजे सूर्याच्या तबकडीवरून शुक्राचा काळा ठिपका सरकताना दिसतो ते, त्यात सूर्य, शुक्र आणि पृथ्वी रेषेत असतात. २००४ आणि २०१२ च्या जूनमध्ये झालं, आता पुढचं थेट डिसेंबर २११७ मध्ये. ही मात्र खरोखर दुर्मीळ.

इतिहासातली एक गोष्ट मला फार आवडते, जरा आडवाट आहे पण सांगते. इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकात हिप्पार्कस नावाच्या ग्रीक खगोलवेत्त्यानं चंद्राच्या गतीचं गणित बसवलं, आणि ते बसवताना भर होता ग्रहणांच्या नोंदींवर. साहजिकच आहे, ग्रहण म्हणजे चंद्र नेमका कुठे आहे हे कळायचा सगळ्यात खात्रीचा क्षण. पण ग्रहण फक्त सिझिजीलाच होतं! म्हणजे हिप्पार्कसबाबांनी चंद्राची परीक्षा फक्त अमावस्या-पौर्णिमेला घेतली आणि तिथे तो पास झाला. पुढे इसवी सनाच्या दुसऱ्या शतकात टॉलेमीनं अर्धचंद्राच्या दिवसांतही मोजून बघितलं तर तेच गणित कधीकधी दोन अंशांहून जास्त चुकत होतं, म्हणजे चार चंद्र शेजारी शेजारी ठेवल्यावर होईल त्याहून जास्त. चंद्राच्या चालीत आणखी एक लचक आहे आणि ती सिझिजीच्या दिवशी दिसतच नाही, हे तेव्हा कळलं. आजकाल डेटा सायन्सवाले सॅम्पल एकांगी घेऊ नका म्हणून सांगतात, ते हेच.

आता भरती-ओहोटी, कारण सिझिजी हा शब्द रोजच्या कामात खरोखर लागतो तो समुद्रवाल्यांना.

समुद्राचं पाणी चंद्र ओढतो हे सगळ्यांना माहीत असतं, पण मग भरती दिवसातून दोनदा का, चंद्र तर एकाच बाजूला असतो ना? कारण भरती नुसत्या ओढीनं येत नाही, ओढीतल्या फरकानं येते. चंद्राकडच्या बाजूचं पाणी चंद्राला जवळ, त्यावर ओढ जास्त, पृथ्वीचा मध्य जरा लांब, त्यावर ओढ कमी, आणि पलीकडच्या बाजूचं पाणी सगळ्यात लांब, त्यावर सगळ्यात कमी. म्हणजे अलीकडचं पाणी पुढे जातं, पलीकडचं मागे राहतं, आणि पृथ्वीवरचं पाणी दोन्ही टोकांना ताणल्यासारखं होतं. चंद्र ओढत नाही, ताणतो असं म्हटलं तर जास्त बरोबर होईल. सूर्यही असाच ताणतो.

सूर्याचं काय, तो तर केवढा मोठा. चंद्राच्या सुमारे २ कोटी ७० लाख पट वस्तुमान. पण लांबही आहे, चंद्राच्या सुमारे ३९० पट. नुसती ओढ मोजली तर पृथ्वीवर सूर्याची ओढ चंद्राच्या पावणेदोनशे पटीनं जास्त भरते. मग भरतीत चंद्राचा वाटा मोठा कसा? कारण ओढ अंतराच्या वर्गाच्या प्रमाणात कमी होते, पण तो ताण अंतराच्या घनाच्या प्रमाणात कमी होतो. ३९० चा घन करा, जवळपास ५ कोटी ९३ लाख येतो, त्यानं २ कोटी ७० लाखांना भागा, उत्तर ०.४६ च्या आसपास. म्हणजे भरतीच्या बाबतीत चंद्र एक रुपया तर सूर्य शेहेचाळीस पैसे. हा हिशोब कागदावर एकदा करून बघाच, दोन ओळींत सुटतो आणि मग कायमचा लक्षात राहतो.

सिझिजीला हे दोन्ही ताण एकाच रेषेवर येतात, १ अधिक ०.४६. त्याला आपण उधाणाची भरती म्हणतो. आणि अष्टमीच्या आसपास सूर्य आणि चंद्र काटकोनात असतात तेव्हा एक उभा ताणतो दुसरा आडवा ताणतो, १ वजा ०.४६ होतात, ती भांगाची भरती. १.४६ आणि ०.५४ म्हणजे कागदावर पावणेतीन पटींच्या आसपास फरक, किनाऱ्यावर मात्र खाडीचा आकार, समुद्राची खोली यावर आकडे खूप बदलतात, आणि पाण्याला हलायला वेळ लागतो म्हणून सगळ्यात मोठी भरती बऱ्याच ठिकाणी सिझिजीच्या नेमक्या दिवशी न येता एक-दोन दिवसांनी येते.

आणि इथे तो बहिणींचा मुद्दा परत येतो. पौर्णिमेला सूर्य आणि चंद्र विरुद्ध बाजूंना असतात, मग त्यांचे परिणाम एकमेकांना मारायला नकोत का? लहानपणी मला हेच कळायचं नाही. उत्तर त्या 'ताण' शब्दात आहे. रबर दोघांनी मिळून एकाच बाजूनं ओढलं (दुसरं टोक खिळ्याला अडकवून) काय किंवा दोघांनी दोन बाजूंनी ओढलं काय, रबर लांबतंच. भरतीला रेषा कळते, बाजू कळत नाही. म्हणून उधाण अमावस्येलाही येतं आणि पौर्णिमेलाही, आणि म्हणून समुद्राचा हिशोब ठेवणाऱ्याला दोन्हींना मिळून एक शब्द असला की बरं पडतं.

यातच तिसरी गोष्ट मिळवा. चंद्राची कक्षा लंबगोल, तो कधी साडेतीन लाख किलोमीटरच्या जरा पुढे असतो तर कधी चार लाखांच्याही पलीकडे. सगळ्यात जवळच्या जागेला उपभू म्हणतात. सिझिजी आणि उपभू एकाच वेळी आले तर खगोलशास्त्रात त्याला पेरिजी-सिझिजी असं जीभ अडखळवणारं नाव आहे, आणि हे नाव कुणी घेत नाही कारण १९७९ मध्ये रिचर्ड नोल यांनी 'सुपरमून' हा शब्द काढला, आणि ते खगोलशास्त्रज्ञ नव्हते, ज्योतिषी होते. बिचाऱ्या सिझिजीची केवढी मोठी संधी गेली. १४ नोव्हेंबर २०१६ ची पौर्णिमा आठवत असेल, चंद्र ३,५६,५०९ किलोमीटरवर होता, १९४८ नंतरची सगळ्यात जवळची पौर्णिमा, त्याहून जवळची आता २५ नोव्हेंबर २०३४ ला. तेव्हा फोटो काढून काढून लोक दमले. एक मात्र आहे, सुपरमून म्हटलं की सगळ्यांना पौर्णिमाच आठवते, नोल यांच्या व्याख्येत अमावस्याही बसते, पण न दिसणाऱ्या चंद्राचा फोटो कोण काढणार.

रेषा म्हटली की भीती येतेच. १९७४ साली एका पुस्तकात असं मांडलं गेलं की १९८२ मध्ये सगळे ग्रह सूर्याच्या एका बाजूला जमतील आणि त्यातून कॅलिफोर्नियात मोठा भूकंप होऊ शकतो. १९८२ चा मार्च आला आणि गेला, काही झालं नाही. पहिली गोष्ट म्हणजे ग्रह एका रेषेत नव्हतेच, काटकोनाएवढ्या पसाऱ्यात विखुरलेले होते, त्याला सिझिजी म्हणणं म्हणजे रस्त्याच्या दोन टोकांना चरणाऱ्या बैलांना जोडी म्हणणं. दुसरी गोष्ट वरच्या घनाच्या हिशोबातच आहे, शुक्र पृथ्वीच्या अगदी जवळ आला तरी त्याचा ताण चंद्राच्या दहा हजाराव्या भागाहूनही कमी भरतो, बाकीच्यांचं सोडाच. दर पंधरवड्याला सूर्य-चंद्राची सिझिजी सोसणाऱ्या पृथ्वीला त्यानं काय फरक पडणार.

आता गणित. घाबरू नका, सहावीचा लसावि येत असेल तर पुरे.

जेम्स जोसेफ सिल्वेस्टर नावाच्या इंग्रज गणितज्ञाला शब्द पाडायचा भारी नाद होता, 'मॅट्रिक्स' हे नावही गणितात त्यांनीच १८५० मध्ये आणलं. १८५३ मध्ये त्यांनी खगोलशास्त्रातून सिझिजी उचलली आणि बीजगणितात आणून ठेवली. कल्पना अशी. ६ आणि १० हे दोन आकडे घ्या. दिसायला दोघे स्वतंत्र. पण ६ ची ५ पट आणि १० ची ३ पट सारखीच, दोन्ही ३०. म्हणजे ५ गुणिले ६ वजा ३ गुणिले १० बरोबर शून्य. त्या दोघांना बांधणारी ही जी (५, उणे ३) अशी जोडी आहे, ती झाली त्यांची सिझिजी. बैल ६ आणि १०, जू म्हणजे हे समीकरण.

आता १५ ला आत घ्या. ६ आणि १० चं एक जू, ५ गुणिले ६ वजा ३ गुणिले १०. ६ आणि १५ चं दुसरं, ५ गुणिले ६ वजा २ गुणिले १५. १० आणि १५ चं तिसरं, ३ गुणिले १० वजा २ गुणिले १५. तिन्ही शून्य. पण जरा थांबून बघा, दुसऱ्यातून पहिलं वजा केलं की तिसरं आपोआप मिळतं! म्हणजे ही तीन जुवंही एकमेकांपासून मोकळी नाहीत, त्यांच्यावरही एक जू आहे. संबंधांमधला संबंध. त्याला दुसऱ्या पायरीची सिझिजी म्हणतात. आणि मग त्या संबंधांचे संबंध, त्यांचेही संबंध... हे कुठे थांबणार?

आकड्यांच्या जागी क्ष, य अशी चलं असलेल्या बहुपदी घेतल्या की हा प्रश्न खरंच अवघड होतो. त्याचं उत्तर जर्मन गणितज्ञ डाव्हिड हिल्बर्ट यांनी १८९० मध्ये दिलं, चलांची संख्या जेवढी, जास्तीत जास्त तेवढ्या पायऱ्यांमध्ये ही साखळी संपवता येते. तीन चलं असतील तर तीन पायऱ्या, पुढे नाही. याला हिल्बर्टचा सिझिजी सिद्धांत म्हणतात आणि गणितवाल्यांच्या जगात हा शब्द मुळीच दुर्मीळ नाही, तिथे लोक दुपारच्या चहाला सिझिजी बोलत असतात. मला यातलं सगळ्यात आवडलेलं म्हणजे, ज्या रचनेच्या घटकांमध्ये असा एकही संबंध नसतो तिला गणितात 'फ्री' म्हणतात, मोकळी. जू नाही म्हणून मोकळी. कुणी ठरवून केलं नसेल, पण ग्रीक बैल इथेही बरोबर उभे आहेत.

हेच सिल्वेस्टर कवितेचेही शौकीन होते, १८७० मध्ये त्यांनी पद्याच्या नियमांवर पुस्तक लिहिलं आणि तिथेही सिझिजी घुसवली, ओळीतल्या शब्दांमध्ये आवाज कसे एकमेकांना धरून येतात त्यासाठी. म्हणजे आपण अनुप्रास म्हणतो त्याच्या आसपासचं काहीतरी. खरं तर छंदशास्त्रात हा शब्द त्यांच्या कितीतरी आधीपासून होता, ग्रीक-लॅटिन कवितेत दोन चरणक, म्हणजे ओळीतले लयीचे छोटे तुकडे, मिळून एक माप मोजायचं तर त्या जोडीला सिझिजी म्हणत. पुढे १८९० च्या दशकात 'ॲलिस इन वंडरलँड'वाले लुईस कॅरोल यांनी, जे स्वतः गणिताचे मास्तर होते, या नावाचा एक शब्दखेळ काढला, त्यात दोन शब्दांमध्ये सारखी असलेली अक्षरं म्हणजे जू, आणि असे शब्द जोडत जोडत एका शब्दावरून भलत्याच शब्दावर पोचायचं.

धर्म आणि मनाच्या प्रांतात रेषा जाते आणि जोडीच उरते. दुसऱ्या शतकात व्हॅलेंटिनस नावाच्या ख्रिस्ती विचारवंताच्या पंथाची अशी मांडणी होती की मूळ दैवी जगात तीस तत्त्वं आहेत आणि ती पंधरा जोड्यांनी राहतात, एक पुरुष एक स्त्री, खोली आणि शांतता, मन आणि सत्य, शब्द आणि जीवन अशा. प्रत्येक जोडी एक सिझिजी. आणि जगात गडबड कशी सुरू झाली तर सगळ्यात धाकटी सोफिया, म्हणजे प्रज्ञा, तिनं आपल्या जोडीदाराला सोडून एकटीनंच मूळ पित्याला जाणून घ्यायचा हट्ट केला. मला तर सोफियाचीच बाजू घ्यावीशी वाटते, पण असो. विसाव्या शतकात मानसशास्त्रज्ञ कार्ल युंग यांनी हाच शब्द मनाच्या आत आणला, पुरुषाच्या मनातली स्त्रीप्रतिमा ॲनिमा आणि स्त्रीच्या मनातली पुरुषप्रतिमा ॲनिमस, त्या जोडीला ते सिझिजी म्हणतात. त्यामुळे मानसशास्त्राच्या पुस्तकात हा शब्द आला तर आकाशाकडे बघू नका.

मराठीत हा शब्द वापरायचा का? माझं मत, जिथे 'युती' चालते तिथे सिझिजी आणू नये, नुसता भाव खाल्ल्यासारखं होतं. शिवाय युती फक्त अमावस्येसाठी बरोबर, पौर्णिमेसाठी प्रतियुती, हा फरक ठेवलेला बरा (राजकारणातल्या युती-प्रतियुतीचे नियम वेगळे असतात, तिथे एका रात्रीत चंद्र सूर्याच्या मागून पुढे येतो). पण दोन्हींबद्दल एकदम बोलायचं असेल, भरतीचा किंवा ग्रहणांचा हिशोब सांगायचा असेल, तर 'सिझिजीच्या दिवशी' म्हणणं सुटसुटीत आहे. आणि 'सगळे ग्रह आकाशात एका ओळीत दिसणार' अशा बातम्यांना मात्र हा शब्द लावू नये. आपल्याला संध्याकाळी ग्रह एका पट्ट्यात दिसतात कारण सगळ्यांच्या कक्षा जवळपास एकाच पातळीत आहेत, तो पट्टा कायमच असतो, त्यात कुणी कुणाच्या रेषेत आलेलं नसतं.

जीवशास्त्र राहिलं. किडे आणि गांडुळं यांच्या शरीरात राहणारे ग्रेगरिन नावाचे एकपेशीय परजीवी असतात, पुनरुत्पादनाच्या आधी त्यातले दोघे एकमेकांना चिकटतात, काही जातींत तर आगगाडीच्या डब्यांसारखे एकामागे एक, आणि मग दोघांभोवती मिळून एक कवच तयार होतं. त्या चिकटण्याला सिझिजी म्हणतात. इथपर्यंत ठीक, बैल आहेत, जू आहे. पण समुद्रात तारामाशांचे नातेवाईक असलेले क्रिनॉइड असतात, पिसांसारखे लांब हात पसरून बसतात, आणि त्या हातांत छोट्या छोट्या हाडांसारख्या तुकड्यांची माळ असते. त्यातले काही सांधे वाकतच नाहीत, दोन तुकडे घट्ट एकमेकांवर बसवलेले, त्या सांध्याचं नाव सिझिजी. सगळ्यात पक्की जोडी वाटेल. तर एखाद्या माशानं हात पकडला की क्रिनॉइड नेमका तिथूनच, त्या सिझिजीतूनच हात तोडून देतो आणि निघून जातो. हात काही महिन्यांत परत येतो.